नवरदेवाच्या मोटारीवरील फीत

लग्नसराई सुरू झाली कीं मंगलकार्यालयांच्या दारांत सजविलेल्या मोटारी उभ्या राहूं लागतात. टपावर झेंडूच्या माळा, मागच्या कांचेवर वधूवरांचीं नांवें, दारांच्या मुठींना निशिगंधाचे लहान गुच्छ, आणि पुढल्या बाजूस बॉनेटच्या टोकापासून कांचेच्या दोन्ही कोपऱ्यांपर्यंत ताणून बांधलेली रुंद, चकचकीत फीत, हें चित्र मुंबई-पुण्यापासून एकाद्या लहानशा तालुक्याच्या गांवापर्यंत आतां सारखेंच दिसतें. यांतील फुलांविषयीं कोणास कांहीं विचारावेंसें वाटत नाहीं. पानाफुलांवांचून आपलें कोणतेंच मंगलकार्य होत नाहीं. दाराचें तोरण, कपाळावरच्या मुंडावळ्या, देवघरांतील हार यांचीच ती मोटारीवर चढलेली भावंडें. फितीची गोष्ट निराळी आहे. धर्मसिंधु तिच्याविषयीं कांहीं सांगत नाहीं, आणि आमच्या आज्या-पणज्यांनीं लग्नाच्या तयारीच्या ज्या लांबलचक याद्या केल्या त्यांतही ती सांपडावयाची नाहीं. तरी आज ती नसेल तर मोटार लग्नाची वाटत नाहीं. ही पाहुणी आपल्या मांडवांत कोणत्या वाटेनें आली हें पाहूं गेल्यास एका परक्या शहराची, तेथील विणकरांची आणि त्यांच्या उपासमारीची हकीकत हातीं लागते. ती आपल्या इकडे फारशी कोणी सांगितलेली नाहीं, म्हणून हा लेख.

प्रथम वाहनाविषयीं दोन शब्द सांगितले पाहिजेत, कारण फीत ही वाहनाच्या मागून आली. आपल्याकडे वर हा एका दिवसाचा राजा. विवाहविधींत त्यास विष्णुस्वरूप मानून त्याची पूजा करितात, आणि लोकव्यवहारांत त्यास राजचिन्हें देतात. मराठेशाहींत पालखींत बसण्याचा मान सरकारांतून मिळावा लागे. पालखी, तिच्या खर्चाची नेमणूक आणि अबदागीर हीं सरदार-मुत्सद्द्यांच्या घराण्यांत मोठ्या अभिमानाचीं कलमें असत. जो थाट एरवीं स्वप्नांतही मिळावयाचा नाहीं तो कांहीं घटकांपुरता सामान्य गृहस्थास लग्नाच्या दिवशीं भोगावयास मिळे. डोक्यास बाशिंग, खालीं झूल घातलेला घोडा, पुढें वाजंत्री आणि दोहों बाजूंस मशाली, असा तो रात्रीं नवऱ्या मुलीस घेऊन घरीं परते, हीच वरात.

सर्वांसच तो थाट भोगूं देण्याइतका मात्र आपला समाज उदार नव्हता. वरातींत कोणीं कशावर बसावें आणि कोणीं कोणाच्या बरोबरीनें चालावें यावरून आपण पुष्कळांचे अपमान केले आहेत. जोतीराव फुले तरुणपणीं एका ब्राह्मण स्नेह्याच्या लग्नाच्या मिरवणुकींत चालत असतां त्यांस अपमान करून बाजूस काढण्यांत आलें, ही १८४८ च्या सुमाराची गोष्ट त्यांचे चरित्रकार सांगतात. देशाच्या कांहीं भागांत दलित वरानें घोड्यावर बसावें हें अजूनही कित्येकांस सोसत नाहीं, आणि वरातीबरोबर पोलिसांचा बंदोबस्त द्यावा लागतो. मोटारीवर हौशी लोकांनीं कितीही टीका केली तरी या एका बाबतींत तिचे उपकार मानले पाहिजेत. जो भाडें देईल त्याची ती, आणि तिला झूल कोणत्या जातीनें घालावी याचा नियम कोणत्याही ग्रंथांत नाहीं.

घोडा आणि मोटार यांच्यामध्यें एक काळ व्हिक्टोरियाचा होऊन गेला. इंग्लंडच्या राणीचें नांव धारण करणारी ही उघडी चारचाकी घोडागाडी मुंबईच्या रस्त्यांवर इतकी रुळली कीं तिचें नांव परकें आहे याचाही लोकांस विसर पडला. २०१५ त मुंबईच्या उच्च न्यायालयानें सहलीच्या घोडागाड्या बेकायदेशीर ठरविल्या. लग्नाच्या गाडीस इंग्रजी पद्धतीचा साज चढविण्याची सोय प्रथम अशा गाडींतच झाली. पालखीस फीत बांधावी असें कोणाच्या मनांत आलें नसतें.

इंग्लंडांत फीत आणि लग्न यांचा संबंध जुना आहे. सोळाव्या-सतराव्या शतकांत तेथील वऱ्हाडी रोझमेरीच्या डहाळ्या फितीनें दंडास बांधीत. नवरीच्या पोषाखास फितींच्या गांठी सैल टांक्यांनीं लावलेल्या असत, आणि विधि आटोपतांच तरुण मंडळी त्या ओढून घेऊन आपल्या टोपीस खोंवीत. या गांठींस ‘फेव्हर’ म्हणत, म्हणजे कृपेची खूण. त्यांतील एका विशिष्ट गांठीस इंग्रजींत खऱ्या प्रेमाची गांठ असें नांव आहे. जॉन ब्रँड या अठराव्या शतकांतील लोकाचारसंग्राहक पाद्र्यानें मात्र त्या नांवाचें मूळ प्रेमाशीं जोडलें नाहीं. ‘वचन देतों’ अशा अर्थाच्या एका डॅनिश धातूशीं जोडलें. व्युत्पत्तीची ही मौज अशी कीं, आपल्याकडेही उपरण्याची आणि शालूची जी गांठ मारितात ती प्रेमाची नसून वचनाचीच आहे.

१० फेब्रुवारी १८४० रोजीं व्हिक्टोरिया राणीचा विवाह झाला. तिनें पांढरा पोषाख केला. त्याचें रेशीम लंडनच्या स्पिटलफील्ड्स भागांतील विणकरांचें आणि लेस डेव्हनशायरमधील होनिटनची होती, म्हणजे राणीनें आपल्या लग्नांत जाणूनबुजून स्वदेशी माल वापरला. त्या दिवशीं लोकांनीं छातीवर पांढऱ्या फितींच्या गांठी मिरविल्या. पुढें मध्यमवर्गांत पांढरा पोषाख व पांढरी फीत हीच लग्नाची खूण होऊन बसली, आणि ती वऱ्हाड्यांच्या छातीवरून गाडीवरही गेली. गाडीवानाच्या चाबकास पांढरी फीत, त्याच्या कोटास गांठ, घोड्याच्या कानाजवळ फितीचें फूल. एवढें दिसलें कीं रस्त्यावरचा मनुष्य टोपी काढून बाजूस होई. मोटार आली तेव्हां पंचाईत पडली. मोटारीस कान नाहींत आणि तिच्या चालकाजवळ चाबूक नाहीं. मग बॉनेटच्या टोकाशीं कंपनीचें जें पितळी किंवा रुपेरी चिन्ह असे त्यास फीत अडकवून तिचीं दोन टोकें मागें कांचेच्या दोन कडांस नेऊन बांधूं लागले. मला त्या दोन फितींचा आकार नेहमीं लगामासारखा दिसतो.

आतां ही फीत विणीत कोण? लंडनच्या वायव्येस, इंग्लंडच्या मध्यभागीं कॉव्हेंट्री म्हणून शहर आहे. अठराव्या शतकाच्या आरंभापासून तेथें रेशमी फिती विणण्याचा धंदा वाढला, आणि एकोणिसाव्या शतकाच्या मध्यास शहरांतील व आसपासच्या बेडवर्थ, फोल्सहिल वगैरे गांवांतील हजारों कुटुंबें याच एका धंद्यावर जगत होतीं. शहरापुरतें बोलावयाचें तर जवळजवळ निम्म्या कामकऱ्यांचें पोट त्यावर होतें. रेशीम अर्थातच इंग्लंडांत पिकत नाहीं. तें इटलींतून, चीनमधून आणि आपल्या बंगालमधून येई. इंग्लंडच्या रेशमी कापडांतील धाग्याचा एक भाग आपल्या इकडच्या शेतकऱ्यानें तुतीच्या पानावर पोसलेला असे, ही गोष्ट तिकडच्या नवरीस ठाऊक असण्याचें कारण नव्हतें.

फीत विणणें हें दिसावयास किरकोळ काम. पण यंत्रांच्या इतिहासांत या किरकोळ कामाची जागा मोठी आहे. एकाच मागावर एका वेळीं अनेक फिती विणतां येतील अशी युक्ति सोळाव्या शतकाच्या अखेरीसच निघाली होती. कार्ल मार्क्सनें ‘कॅपिटल’च्या पहिल्या खंडांत, एका इटालियन धर्मोपदेशकाच्या १६३६ त छापलेल्या ग्रंथाच्या आधारानें, एक भयंकर हकीकत दिली आहे. डान्झिग शहरीं असें एक यंत्र निघालें. त्यामुळें पुष्कळ लोक भिकेस लागतील अशी भीति वाटून नगरसभेनें तें यंत्र दडपून टाकलें आणि तें शोधून काढणाऱ्यास गुप्तपणें गळा दाबून किंवा बुडवून मारविलें. ही कथा कितपत खरी मानावी हा प्रश्न आहे. परंतु पुढील मनाईहुकूम कथा नव्हेत: १६७६ त कोलोनमध्यें या मागावर बंदी आली, १६८५ त जर्मन बादशहानें तीच बंदी सर्व मुलखास लागू केली, आणि हँबर्ग येथें नगरसभेच्या आज्ञेनें असा माग चव्हाट्यावर जाळण्यांत आला. कापूस कांतण्याच्या व विणण्याच्या ज्या यंत्रांनीं पुढें जग उलथेंपालथें केलें, त्यांचा अग्रदूत म्हणून मार्क्स या फितीच्या मागाकडे बोट दाखवितो. वधूच्या केसांत माळावयाच्या वस्तूनें इतकी खळबळ उडवावी याचें नवल वाटतें खरें.

कॉव्हेंट्रीतही यंत्राचा द्वेष झालाच. १८३१ च्या नोव्हेंबरांत जोसाया बेक नांवाच्या कारखानदारानें वाफेवर माग चालविण्याचा घाट घातला तेव्हां विणकरांच्या जमावानें त्याचा कारखाना जाळला. तिघांस फांशीची शिक्षा झाली, ती पुढें कमी होऊन काळ्या पाण्यावर आली. त्यानंतर कित्येक वर्षें त्या शहरांत वाफेचा माग घालण्यास कोणी धजला नाहीं. विणकरांचा हट्ट आपणांस आज मूर्खपणाचा वाटेल. पण त्यांचें जिणें कसें होतें हें समजून घेतलें म्हणजे तसें म्हणवत नाहीं. विणकर आपल्या घरांत, आपल्या मालकीच्या मागावर काम करी. बायको बाणा भरी, मुलें बॉबिनें गुंडाळीत. कारखानदाराकडून रेशीम आणावयाचें, फीत विणून पोंचवावयाची, आणि दोहों पक्षांनीं ठरविलेल्या दरपत्रकाप्रमाणें मजुरी घ्यावयाची. हें दरपत्रक म्हणजे त्यांचें स्मृतिवचन. सोमवारीं काम न करण्याची आणि गरज पडल्यास शुक्रवारची रात्र जागून काढण्याची त्यांस मुभा असे. आपल्या येवल्याच्या किंवा पैठणच्या विणकराच्या घरीं जो कोणी गेला असेल त्यास हें चित्र ओळखीचें वाटेल. कारखान्याच्या भोंग्यानें हें सारें नाहींसें होणार होतें.

यावर १८५७ च्या सुमारास एक तोड निघाली, ती मला त्या काळांतील सर्व तोडींत अधिक माणुसकीची वाटते. जॉन आणि जोसेफ कॅश हे क्वेकर पंथाचे दोघे भाऊ कारखानदार होते. त्यांनीं कालव्याच्या कांठीं घरांच्या ओळी बांधिल्या. खालीं विणकराचें राहतें घर, आणि सर्वांत वरच्या मजल्यावर उंच खिडक्यांची, भरपूर उजेडाची माग-खोली. एकाच वाफेच्या इंजिनाचा दांडा सर्व घरांच्या वरच्या मजल्यांतून आरपार फिरत जाई. म्हणजे विणकरानें आपल्याच घरांत, बायकामुलांत राहावें, आणि वाफेच्या बळाचें भाडें तेवढें भरावें. शंभर घरें बांधावयाची होतीं, त्यांतील अठ्ठेचाळीस झालीं. पुढें पाळी आली तेव्हां हीं घरेंही मधल्या भिंती पाडून कारखान्यासारखींच वापरण्यांत आलीं.

ती पाळी आणली १८६० सालानें. इंग्लंडांत परदेशी रेशमी कापडास १७६६ पासून साफ बंदी होती. १८२६ त ती उठवून तिच्या जागीं जबर जकात बसविण्यांत आली, आणि त्या जकातीच्या आडोशास कॉव्हेंट्रीचा धंदा वाढला. २३ जानेवारी १८६० रोजीं इंग्लंड व फ्रान्स यांच्यामध्यें व्यापारी तह झाला. रिचर्ड कॉब्डन हा तहाचा शिल्पकार, आणि ग्लॅडस्टन खजिन्याचा मंत्री. तहानें फ्रेंच रेशमावरची जकात इंग्लंडनें अजीबात काढून टाकली. फ्रान्सनें मात्र इंग्रजी मालावर शेंकडा तीसपर्यंत जकात घेण्याची सवड आपल्यापाशीं ठेविली. सांत-एत्येन आणि स्वित्झर्लंडांतील बाझेल हीं फितींचीं मोठीं केंद्रें. तेथील माल, विशेषतः नक्षीचा, नुसता स्वस्तच नव्हे तर सरसही होता. तो इंग्लंडच्या बाजारांत मोकळा येऊं लागला.

कॉलेजांत आम्हांस इंग्लंडचा आर्थिक इतिहास शिकविला गेला तेव्हां १८६० चा तह हा अनिर्बंध व्यापाराच्या मंदिरावरचा कळस म्हणून शिकविला गेला. त्या कळसाच्या सांवलींत कोण सांपडलें याचा पाठ्यपुस्तकांत एका ओळीचाही उल्लेख नसे. त्या उन्हाळ्यांत कारखानदारांनीं दरपत्रक मोडलें. विणकरांनीं संप केला, तो ऑगस्टअखेर कोसळला. हिवाळ्यांत शहरांत आणि भोंवतालच्या खेड्यांत उपासमार सुरू झाली. देशभर वर्गण्या गोळा करून अन्नछत्रें घालावीं लागलीं. ज्यांस जमलें त्यांनीं गांव सोडलें. कांहीं लँकेशायरच्या कापडगिरण्यांत गेले, कांहीं अमेरिकेस, आणि न्यूजर्सीतील पॅटर्सन येथें जें रेशमाचें शहर पुढें उभें राहिलें त्यांत इंग्लंडांतून गेलेल्या अशा विणकरांचे हात लागले. १८६१ च्या खानेसुमारींत कॉव्हेंट्रीची वस्ती सुमारें एकेचाळीस हजार होती. १८७१ त ती अडतीस हजारांच्या आंत आली. औद्योगिक क्रांतीच्या ऐन भरांत, जेव्हां इंग्लंडांतील शहरें फुगत होतीं, तेव्हां हें एक शहर आंखडलें.

सारा दोष तहाचाच होता असें मात्र म्हणतां येणार नाहीं. युरोपांत रेशमाच्या किड्यांस रोग लागून कच्चें रेशीम महाग झालें होतें. त्याच रोगाच्या शोधासाठीं १८६५ त पाश्चरला बोलावणें गेलें. शिवाय बायकांच्या टोप्यांवरील फितींची जागा पिसें घेऊं लागलीं होतीं. शौकाच्या वस्तूवर जगणाऱ्याचें जिणें असेंच असतें. राजघराण्यांत कोणी वारलें आणि दरबारी सुतक लांबलें तर कॉव्हेंट्रीच्या चुली थंडावत. कोणा राजपुत्राचें शुभमंगल झालें तर त्या पुन्हां पेटत. दुसऱ्याच्या घरच्या मंगलावर आणि अमंगलावर आपली भाकरी अवलंबून असणें ही गोष्ट आपल्या वाजंत्र्यांस व हारवाल्यांस समजावून सांगण्याची गरज नाहीं.

या शहरानें इंग्रजी वाङ्मयासही कांहीं दिलें आहे. जॉर्ज एलियट या टोपणनांवानें लिहिणारी मेरी ॲन इव्हान्स ही बाई मुलगी असतां कॉव्हेंट्रीच्या शाळेंत होती, आणि १८४१ पासून कांहीं वर्षें वडिलांबरोबर तेथेंच राहिली. तिला ख्रिस्ती श्रद्धेविषयीं शंका घेण्यास ज्यांच्या बैठकींत धीर आला ते चार्ल्स ब्रे हे फितींचे कारखानदार. ‘मिडलमार्च’ या कादंबरींतील शहर कॉव्हेंट्रीवरून उचललेलें आहे, आणि त्यांतील नगराध्यक्ष व्हिन्सी हा कारखानदारच आहे. रोझामंडचा पोषाख, तिचें पियानोवादन, तिच्या मोठेपणाच्या कल्पना, हें सारें कोणाच्या मागावर विणलेलें आहे हें लेखिका फार मोठ्यानें सांगत नाहीं. पण तिच्या मनांतून तें जात नाहीं. ती कादंबरी १८७१-७२ त प्रसिद्ध झाली, म्हणजे तो धंदा मोडून दहा वर्षें होऊन गेल्यावर. हें लक्षांत ठेवून वाचल्यास त्या सुखवस्तु घराच्या वर्णनाखालीं एक उदास सूर ऐकूं येतो.

आतां या गोष्टीशीं आपला संबंध काय, असें कोणी विचारील. लँकेशायरच्या गिरण्यांनीं आपल्या विणकरांची जी दैना केली ती आपण सर्व जाणतों. दादाभाई, रानडे, दत्त यांच्या लेखणींतून तो इतिहास आपल्या हाडींमांसीं खिळला आहे. पण ज्या तत्त्वानें आपला विणकर बुडाला त्याच तत्त्वानें इंग्लंडांतील विणकरही बुडाला, ही त्या इतिहासाची दुसरी बाजू आपण क्वचित् पाहतों. न्यायमूर्ति रानडे यांनीं १८९२ त पुण्याच्या डेक्कन कॉलेजांत भारतीय अर्थशास्त्रावर जें व्याख्यान दिलें त्यांत त्यांनीं नेमका हाच मुद्दा घेतला होता. अर्थशास्त्राचे सिद्धांत हे भूमितीच्या सिद्धांतांसारखे त्रिकालाबाधित नव्हेत. देश, काल व समाजाची स्थिति पाहून ते लावावे लागतात, असें त्यांनीं जर्मन पंडित लिस्ट यांच्या मताचा आधार घेऊन मांडलें. पुण्याच्या त्या सभागृहांत बसलेल्या विद्यार्थ्यांनीं मिल व रिकार्डो पाठ केलेले होते. त्यांच्यापुढें कॉव्हेंट्रीचें एवढें एक उदाहरण ठेविलें असतें तरी रानड्यांचें म्हणणें अर्ध्या घटकेंत पटलें असतें.

उलट बाजूनें असेंही म्हणतां येईल कीं, कॉव्हेंट्री बुडालें नाहीं. हें खरें आहे, आणि पुढची हकीकत त्याचीच आहे. टॉमस स्टीव्हन्स नांवाच्या विणकरानें १८६२ त त्याच नक्षीच्या मागांवर पुस्तकांत घालावयाच्या रेशमी खुणा विणून विकण्यास आरंभ केला. पुढें त्यावर चित्रेंच्या चित्रें निघूं लागलीं. दुसरी वाट लोखंडाची निघाली. शहरांत फितींच्या खालोखाल घड्याळांचा धंदा होता, त्यामुळें बारीक कामाचे कारागीर तेथें होते. धंदा मोडल्यानंतरच्या दोन-तीन वर्षांतच तेथें शिवणयंत्रें करणारी एक कंपनी निघाली. जेम्स स्टार्ली हा कल्पक कारागीर तिचा प्राण. १८६९ त त्या कंपनीनें फ्रान्ससाठीं दुचाक्या करावयास घेतल्या. तिकडे लढाई पेटल्यामुळें त्या इंग्लंडांतच विकाव्या लागल्या, आणि सायकलचा धंदा जन्मास आला. स्टार्लीचा पुतण्या जॉन केंप स्टार्ली यानें १८८५ त सारख्या आकाराच्या दोन चाकांची, साखळीनें मागचें चाक फिरविणारी ‘रोव्हर’ सायकल काढली. आज आपण जिला सायकल म्हणतों तिची ही आजी. आणि १८९६ त डेमलर कंपनीनें आपला मोटारींचा कारखाना कॉव्हेंट्रीत, एका बंद पडलेल्या सुताच्या गिरणींत थाटला.

म्हणजे लग्नाची फीत आणि ती जिच्यावर बांधावयाची ती मोटार, या दोन्ही वस्तु एका शहरानें, एकाच पिढीच्या अंतरानें केल्या. आजोबांनीं माग चालविला आणि नातवानें मोटारीचे भाग कांतले अशीं घरें कॉव्हेंट्रीत थोडीं नसतील. परंतु यावरून ‘पाहा, शेवटीं सर्व ठीक झालें’ असें म्हणणाऱ्या पंडितांशीं माझें जमत नाहीं. माग थांबल्यापासून मोटारीचें चाक फिरूं लागेपर्यंत छत्तीस वर्षें गेलीं. १८६० त जो चाळीस वर्षांचा विणकर होता त्याच्या वाट्यास मोटारीचा कारखाना आला नाहीं. त्याच्या वाट्यास अन्नछत्र आलें.

(बाझेलची कथाही अशीच वळणाची आहे. फितीस रंग द्यावयाचा म्हणून अलेक्झांडर क्लावेल या रेशीम रंगविणाऱ्यानें १८५९ त तेथें कृत्रिम रंग करण्यास घेतला. त्यांतून सीबा ही कंपनी निघाली, रंगांवरून ती औषधांवर गेली, आणि १९९६ पासून नोव्हार्टिस या नांवानें जो व्यवसाय चालतो त्याचें एक मूळ तेथें आहे. फितीनें एका शहरास मोटारी दिल्या व दुसऱ्यास औषधें.)

मोटारींच्या प्रारंभीं कायद्यानें कशी मौज केली होती तीही येथें सांगण्याजोगी आहे. १८६५ च्या कायद्याप्रमाणें रस्त्यानें चालणाऱ्या वाफेच्या वाहनापुढें साठ यार्डांवर एका मनुष्यानें लाल निशाण घेऊन पायीं चालावें लागे. यंत्रवाहनाच्या पुढें मिरविलेलें पहिलें वस्त्र पांढऱ्या रेशमाचें नव्हे, तर लाल फडक्याचें होतें. १८९६ च्या कायद्यानें हलक्या वाहनांस तो जाच उरला नाहीं, वेगाची मर्यादा ताशीं चौदा मैल झाली, आणि १४ नोव्हेंबर रोजीं लंडन ते ब्रायटन अशी मोटारींची वरात निघाली. त्याच तारखेस, चव्वेचाळीस वर्षांनीं, १४ नोव्हेंबर १९४० च्या रात्रीं जर्मन विमानांनीं कॉव्हेंट्री भाजून काढलें. त्या आगींत तेथील जुनें कॅथीड्रल गेलें.

आपल्याकडे मुंबईस पहिल्या मोटारी १८९८ च्या सुमारास उतरल्या, आणि त्यांच्या पहिल्या मालकांत जमशेटजी टाटा होते. संस्थानिकांनीं मोटारी हौसेनें घेतल्या. लग्नाच्या वरातींत त्या मध्यमवर्गापर्यंत पोंचावयास मात्र स्वातंत्र्य उजाडावें लागलें. वालचंद हिराचंद यांनीं १९४४ त काढलेल्या प्रीमियर कंपनीच्या कुर्ल्याच्या कारखान्यांतून फियाट निघूं लागली, कलकत्त्याहून १९५७-५८ नंतर अँबॅसडर आली, आणि मद्रासेस १९६१ पासून स्टँडर्ड हेराल्ड होऊं लागली. ही हेराल्ड मूळची कॉव्हेंट्रीची. स्टँडर्ड कंपनी तेथें १९०३ त स्थापन झालेली. तेव्हां एकाद्या मराठी गृहस्थानें साठाव्या-पासष्टाव्या सालीं मुलाच्या लग्नांत आपली नवी हेराल्ड फितीनें सजविली असेल, तर कॉव्हेंट्रीच्या दोन पिढ्यांची त्यानें नकळत आपल्या दारीं गांठ मारून दिली. स्वतःची मोटार नसणारे स्नेह्यांकडून मागून आणीत, आणि ‘मोटार देणें’ हा लग्नांतील आहेराइतकाच मोठा उपकार समजला जाई. मुहूर्ताच्या दिवशीं एकच मोटार तीन घरीं कबूल झालेली असून त्यावरून कायमचे बोलणें तुटलेलीं घराणीं मला ठाऊक आहेत.

फीत मात्र तेव्हांही रेशमाची नव्हती आणि आज तर मुळींच नाहीं. ती पॉलिएस्टरची असते, क्रॉफर्ड मार्केटच्या आसपास किंवा पुण्याच्या बोहरी आळींत गुंडाळीनें मिळते, आणि ती विणणाऱ्याचें तोंड कोणी पाहिलेलें नसतें. पांढऱ्या रंगाचा आपल्याकडे मंगलाशीं मेळ नसल्यामुळें आपण ती लाल, गुलाबी, सोनेरी करून घेतली. परकी चाल उचलतांना आपल्या समाजानें एवढा विवेक राखला, हें मला समाधानाचें वाटतें.

जमशेटजी टाटांनीं एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस बंगळूर येथें जपानी तज्ज्ञ आणून रेशमाची एक शेती काढली होती. मोटार त्यांनीं विकत घेतली. रेशीम ते इकडे पिकवूं पाहत होते. २००८ त त्यांच्याच नांवानें चालणाऱ्या उद्योगसमूहांतील टाटा मोटर्सनें फोर्ड कंपनीकडून जग्वार आणि लँड रोव्हर हे दोन्ही कारखाने विकत घेतले. जग्वारचें घर कॉव्हेंट्री. आणि लँड रोव्हर या नांवांतील ‘रोव्हर’ म्हणजे केंप स्टार्लीची ती १८८५ ची सायकल.